पोळी-भाजी केंद्राचा फोन: मध्येच उगवणाऱ्या जाहिराती बंद करण्याच्या नोंदी

शनिवार, २८ जून २०२५

फोन मावशीचा. अँड्रॉइड १३, दोन सिम, बारा हजारांच्या आसपासचा. मावशीचं ठाण्यात चरईत पोळी-भाजी केंद्र आहे आणि सगळा धंदा या एका फोनवर चालतो. सकाळी व्हॉट्सॲपवर आजचा मेनू जातो, ऑर्डरी येतात, पैसे यूपीआयने. साउंडबॉक्स घेतलेला नाही. "पैसे आल्याचा मेसेज येतो की, मग त्या डब्याला महिन्याचं भाडं कशाला?" असं तिचं म्हणणं. त्यामुळे गिऱ्हाइकाने पैसे टाकले की ती फोन उघडून बघते, आणि नेमकी तेव्हाच स्क्रीनभर जाहिरात येते. मागे रांग, हाताला पीठ, आणि फुली सापडेपर्यंत गिऱ्हाईक "आले ना मावशी?" म्हणून पुढे गेलेलं.

स्टेशनजवळच्या एका दुकानात तिने आधी दाखवून आणलं होतं. "व्हायरस आहे, सॉफ्टवेअर मारावं लागेल, सहाशे रुपये." सॉफ्टवेअर मारायचं म्हणजे फोन कोरा करायचा. तो मार्ग मी बाजूला ठेवला. व्हॉट्सॲपचा बॅकअप कधीचा बंद पडलेला, म्हणजे ऑर्डरींच्या ब्रॉडकास्ट याद्या गेल्या असत्या. यूपीआय ॲप नव्याने सिमशी जोडावं लागतं आणि पहिल्या २४ तासांत पैसे पाठवण्यावर बँका पाच हजारांची मर्यादा घालतात. मावशी जांभळी नाक्यावरची भाजी, पीठ, तेल सगळ्याचे पैसे फोननेच देते. आणि एवढं करून तीच ॲप्स परत टाकली असती तर जाहिरातीही परत आल्या असत्या.

आज काहीच काढलं नाही. उधारीच्या वहीचं मागचं पान घेऊन तीन रकाने आखले: वेळ, त्याआधी काय करत होतीस, जाहिरात कशाची.

"तू जाहिराती घालवायला आलीयेस की मोजायला?"

"आधी मोजू दे गं."

रविवार, २९ जून

वही भरेपर्यंत फोनला हात लावायचा नव्हता, पण एक गोष्ट थांबवणं भाग होतं. मावसभाऊ पुण्याला असतो. मागच्या खेपेला त्याने चांगल्या मनाने आईच्या फोनमध्ये एक 'फोन क्लीनर' टाकला होता. हे क्लीनर दिवसातून कितीदा तरी "फोन धोक्यात" म्हणून ओरडतं आणि ओरडून झालं की स्वतःचीच जाहिरात दाखवतं. शिवाय तीन दिवस फुकट, नंतर आठवड्याला १४९ रुपये. मावशीच्या पासबुकात आठ वेळा कापलेले दिसले. १,१९२ रुपये.

हे करणाऱ्यांसाठी: ॲप काढून टाकलं म्हणजे वर्गणी थांबली असं होत नाही. आधी प्ले स्टोअरमध्ये आपल्या फोटोवर दाबून पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्समधून वर्गणी रद्द करायची, मग यूपीआय ॲपमध्ये ऑटोपे उघडून तिथली परवानगीही काढायची, आणि मग ॲप. प्ले स्टोअरवर परताव्याचा सोपा मार्ग पहिल्या ४८ तासांपुरताच असतो. त्यानंतर ॲप बनवणाऱ्याला विचारावं लागतं. मेल टाकलाय.

आणखी एक 'ॲड ब्लॉकर' टाकून बघू का, असं मावसभावाने फोनवर विचारलं. नाही. या कामात फोनमधून फक्त काढायचं, नवीन काही टाकायचं नाही.

बुधवार, २ जुलै

मावशीने वहीच्या पानाचा फोटो पाठवला. जसंच्या तसं उतरवते:

स. ११.२०. काही करत नव्हते, फोन ओट्यावर. लाल त्रिकोण, तीन व्हायरस.
११.५०. पिठवाल्याचा फोन ठेवला. लगेच कर्जाची.
१२.४०. पैसे बघत होते. गाड्यांचा गेम. फुली बारीक.
दु. ३.१०. चार्जिंगला लावला. परत गाड्या.
३.३०. उद्याचा मेनू करत होते. सेव्ह केलं की जाहिरात. रोजचंच.
रा. ९. लॉक उघडलं. साड्या.
आठवत नाही कधी. काळी चौकट, ओके आणि कॅन्सल. ओके दाबलं.

याच्यापुढे दुकानदाराचं "व्हायरस आहे" फिकं पडतं. एका फोनमध्ये पाच-सहा वेगवेगळे लोक जाहिराती घुसवतायत. फोन ओट्यावर पडलेला असताना येते ती बहुतेक ब्राउझरची सूचना. फोन ठेवल्या ठेवल्या येते ती कॉल करणाऱ्याचं नाव दाखवणाऱ्या ॲपची. चार्जर लावल्यावर, लॉक उघडल्यावर, दुसऱ्याच ॲपमध्ये असताना येते ती कुठल्या तरी ॲपला 'इतर ॲप्सवर दिसण्याची' परवानगी मिळालीय म्हणून. काळी चौकट सिमची. साड्या बहुधा फोन बनवणाऱ्या कंपनीच्याच.

सगळ्यांवर एकच औषध शोधत बसलं की वेळ जातो. कुठली जाहिरात कोण दाखवतंय ते कळलं तर एकेक बंद करायला फार काही लागत नाही.

शनिवार, ५ जुलै

दुपारी तीन ते पाच केंद्र बंद असतं, तेवढ्यातच फोन माझ्या हातात. आज लाल त्रिकोण.

सूचना डावी-उजवीकडे सरकवून घालवत होते तोवर दुसऱ्या दोन आल्या. सरकवायची नाही, दाबून धरायची. दाबून धरल्यावर वर बारीक अक्षरात क्रोम आणि त्याशेजारी कुठल्याशा साइटचं नाव दिसलं. म्हणजे फोनमध्ये काही शिरलेलंच नाही; एका साइटला सूचना पाठवायची मुभा मिळालीय, बास. क्रोमच्या सेटिंग्जमध्ये साइट सेटिंग्ज, त्यात नोटिफिकेशन्स. परवानगी दिलेल्यांची यादी उघडली तर अंगठा दुखेपर्यंत खाली जात होती. अभंगांचे एमपीथ्री, मालिकेचा चुकलेला भाग, राशिभविष्य, आणि बाकी नुसती निरर्थक अक्षरांची नावं.

ही मुभा मिळते कशी ते मावशीनेच दाखवलं. गाणं उतरवायला गेलं की पडद्यावर एक चौकट येते, "तुम्ही रोबो नाही हे सिद्ध करायला अलाऊ दाबा". ती दाबते. तिला वाटतं गाण्यासाठीच आहे.

एकेक साइट काढली. मग वरचं मुख्य बटणच बंद केलं, म्हणजे यापुढे कुठली साइट विचारूच शकणार नाही. क्रोमच्या सगळ्याच सूचना फोनच्या सेटिंग्जमधून बंद करता येतात, पण मग फाइल उतरली की नाही तेही कळत नाही, म्हणून तसं केलं नाही. तिथेच 'पॉप-अप्स अँड रीडायरेक्ट्स' आणि 'इन्ट्रूसिव्ह ॲड्स' हेही बघून घेतलं. पहिलं कोणी तरी चालू करून ठेवलं होतं.

मावशीचा प्रश्न: मग ते तीन व्हायरस? नव्हतेच. वेबपान तुमच्या फोनची तपासणी करू शकत नाही. ते फक्त लाल त्रिकोणाचं चित्र दाखवतं आणि घाबरून तुम्ही पुढचं बटण दाबावं याची वाट बघतं. केंद्र सरकारने ३० नोव्हेंबर २०२३ला 'डार्क पॅटर्न्स' रोखण्यासाठी जी मार्गदर्शक तत्त्वं काढली, त्यात फसवणुकीचे १३ प्रकार दिलेत. खोटा व्हायरस दाखवून घाबरवणं त्यात आहे, आणि जाहिरात आहे हे लपवून जाहिरात दाखवणंही. ग्राहक हेल्पलाइन १९१५. पण निरर्थक अक्षरांच्या साइटविरुद्ध तक्रार करायची कोणाच्या नावाने, हा भाग उरतोच.

वेळ उरला म्हणून कॉलवालं ॲपही घेतलं. त्याची 'डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स' परवानगी काढली. कर्जाची जाहिरात गेली, पण फोन वाजताना नाव दिसणंही गेलं, कारण नावाची पट्टी आणि जाहिरात दोन्ही त्याच परवानगीवर चालतात. नवीन गिऱ्हाइकांचे फोन येतात तर नाव हवं, असं मला वाटत होतं. मावशीने दोन मिनिटं विचार केला. "नाव मी विचारतेच की. त्याशिवाय ऑर्डर लिहू कशी?" ॲप काढलं.

रविवार, ६ जुलै

आषाढी एकादशी. खिचडी, वऱ्याचे तांदूळ, दाण्याची आमटी. फोनला हात लावायला मिळाला नाही. लाल त्रिकोण एकदाही नाही. गाड्या आहेतच.

शनिवार, १२ जुलै

आजचा दिवस गाड्यांचा.

आधी सेफ मोड. पॉवरचं बटण दाबून धरायचं, पडद्यावर 'पॉवर ऑफ' आलं की त्यावर बोट दाबून ठेवायचं. बऱ्याच फोनमध्ये असंच आहे, काहींमध्ये चालू होताना आवाज कमी करायचं बटण धरावं लागतं. सेफ मोडमध्ये फोनबरोबर आलेली ॲप्सच चालतात, आपण टाकलेली झोपतात. यूपीआयही झोपतं, म्हणून हे गर्दीच्या वेळी करायचं नाही.

चार्जर लावला, काढला, परत लावला. गाड्या नाहीत. लॉक उघडलं तर साड्या हजर. झालं, वाटणी लागली: गाड्या आपण टाकलेल्या कुठल्या तरी ॲपच्या, साड्या कंपनीच्या.

सेफ मोडमधून बाहेर आल्यावर होम स्क्रीनवरची विजेट्स उडाली होती. हवामान गेलं त्याचं काही नाही, पण उद्याच्या ऑर्डरींची चिठ्ठी मावशी तिथे चिकटवून ठेवते. चिठ्ठी ॲपमध्ये शाबूत होती, फक्त होम स्क्रीनवर परत लावावी लागली. सेफ मोडला जाण्याआधी होम स्क्रीनचा स्क्रीनशॉट काढून ठेवा, नाहीतर कुठे काय होतं यावरून वाद होतात.

आता ॲप शोधायचं. नेहमीची युक्ती अशी: जाहिरात समोर असतानाच खालचं चौकोनी बटण दाबायचं. उघड्या ॲप्सचे पत्ते दिसतात, जाहिरातीच्या पत्त्यावर तिच्या मालकाचं चिन्ह असतं, ते दाबून धरलं की ॲप इन्फो उघडतं. इथे पत्ता आला तो पांढरा, त्यावर ना चिन्ह ना नाव, आणि बोट टेकवेपर्यंत गायब. जाहिरातीचा स्क्रीनशॉट काढून काहीच कळत नाही. त्यात गेमवाल्याचं नाव असतं, दाखवणाऱ्याचं नसतं.

मग दुसरा रस्ता. सेटिंग्ज, ॲप्स, स्पेशल ॲप ॲक्सेस, डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स. परवानगी असलेल्यांची यादी येते. मावशीच्या फोनवर सगळ्यात वर एक ओळ होती जिच्यात नावच नव्हतं. चिन्हाच्या जागी पांढरं काही नाही, मग मोकळी जागा, आणि उजवीकडे चालू असलेलं बटण. सगळी ॲप्स दिसतात तो पडदा उघडून बघितला, तिथेही पहिल्या ओळीतली पहिली जागा रिकामी. तिथे बोट टेकवलं तर पडदा क्षणभर काळा झाला आणि गाड्या सुरू.

"ती जागा पहिल्यापासूनच मोकळी आहे," मावशी म्हणाली. "मला वाटलं कंपनीने सोडलीय."

लगेच काढायचा मोह होतो, पण आधी त्याच्याकडे काय काय परवानग्या आहेत ते बघावं. एसएमएस वाचायची परवानगी आहे का, ॲक्सेसिबिलिटी (पडदा वाचायची आणि आपल्या वतीने बटणं दाबायची मुभा) चालू आहे का, सूचना वाचायची मुभा आहे का, डिव्हाइस ॲडमिनच्या यादीत आहे का. एसएमएस किंवा ॲक्सेसिबिलिटी सापडली असती तर मामला जाहिरातीपुरता राहिला नसता. फोन एरोप्लेन मोडवर टाकून दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवलं असतं, आणि पैसे गेलेले दिसले असते तर सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३०ला. या बेनामीकडे यातलं काही नव्हतं. इतर ॲप्सवर दिसायचं आणि फोन चालू झाला की आपणही चालू व्हायचं, एवढंच.

अनइन्स्टॉल दाबलं. "नक्की काढायचं?" ही चौकट आली आणि तिच्यावर जाहिरात येऊन बसली. परत दाबलं, परत तेच. जो क्रम चालला तो असा: एरोप्लेन मोड, मग 'डिस्प्ले ओव्हर' बंद, मग फोर्स स्टॉप, मग अनइन्स्टॉल. गेलं.

आलं कुठून? काढायच्या आधी ॲप इन्फोच्या तळाशी बघितलं होतं, प्ले स्टोअरवरून आलेलं नव्हतं. डाउनलोड्समध्ये व्हिडिओ प्लेअरच्या 'अपडेट'च्या नावाची एक एपीके फाइल (प्ले स्टोअरबाहेरून ॲप टाकायची फाइल) पडली होती, म्हणजे मालिकेचा चुकलेला भाग बघताना आलेली. फाइल काढली. स्पेशल ॲप ॲक्सेसमध्ये 'इन्स्टॉल अननोन ॲप्स' म्हणून भाग आहे, तिथे क्रोम, व्हॉट्सॲप आणि फाइल्स तिन्ही बंद केले. व्हॉट्सॲपचं विसरू नका. लग्नपत्रिका म्हणून, चलनाची पावती म्हणून ज्या एपीके फाइली फिरतात त्या तिथूनच शिरतात, आणि त्यांचं लक्ष जाहिरातींवर नसतं, बँक खात्यावर असतं. प्ले प्रोटेक्ट, म्हणजे ॲप्स तपासणारी गुगलची सोय, तीही बंद सापडली. चालू केली.

रविवार, १३ जुलै

सकाळपासून गाड्या नाहीत. चार्जर लावून-काढून खात्री केली. मावशी खूश, मी अर्धी.

कारण मेनूवालं ॲप. यात ती रोजचा मेनू सजवते: वर गणपती, कडेला वेलबुट्टी, मधे "आज: भरली वांगी, मेथी-मूगडाळ". प्ले स्टोअरवरचं, नीट नाव-गाव असलेलं ॲप. पण सेव्ह केलं की अर्ध्या मिनिटाची जाहिरात, आणि ॲप बंद करून यूपीआय उघडलं तरी कधीकधी तिथे एक. अँड्रॉइड १०पासून ॲपला मागच्या मागे राहून आपणहून पडदा उघडता येत नाही, पण 'इतर ॲप्सवर दिसण्याची' परवानगी असली की त्याला सूट मिळते. या ॲपने ती तरंगतं बटण दाखवायच्या नावाखाली घेतली होती. काढून घेतली, बाहेरच्या जाहिराती थांबल्या.

आतल्या राहिल्या. फुकट ॲपचं पोट जाहिरातींवर चालतं, हे मान्य. पण ३० सप्टेंबर २०२२पासून प्ले स्टोअरचा नियम आहे की मधेच उगवणारी स्क्रीनभर जाहिरात १५ सेकंदांनंतर बंद करता आली पाहिजे. बक्षिसासाठी आपणहून बघितलेल्या जाहिराती यात धरत नाहीत. ही त्यातली नव्हती. ॲपच्या पानावर तीन टिंबं दाबून तक्रार केली.

ॲप काढू या म्हटलं तर ठाम नाही. फळ्यावर लिहून फोटो टाक म्हटलं, त्यालाही नाही. "फळा काय, शाळा आहे का?"

मग या फोनमध्ये असलेली एक सोय वापरली: ॲपनिहाय नेट बंद करता येतं, मोबाइल डेटा वेगळा, वायफाय वेगळा. मेनूवाल्याचे दोन्ही बंद केले. सजावट आधी उतरवलेली होती ती चालते, लिहिता येतं, सेव्ह होतं, जाहिरात येतच नाही. नवीन सणाच्या चौकटी मात्र येत नाहीत. त्यावर तोड: सणाच्या आदल्या दिवशी नेट चालू करायचं, हवी ती चौकट उतरवायची, परत बंद. मावशीला हे जमतं. ती करते.

गुरुवार, १७ जुलै

काळी चौकट आज माझ्यासमोर आली. नेट बंद करून बघितलं तरी आली, म्हणजे सिमच. कॉलर ट्यूनची. अशा चौकटीत मावशीने आधी ओके दाबलेलं, त्याचे पैसे रिचार्जमधून जात होते.

ॲप्समध्ये 'सिम टूलकिट' उघडायचं, कंपनीच्या नावाखाली ज्या सेवा चालू असतील त्या डीॲक्टिव्हेट करायच्या. दोन सिम असतील तर दोन्हीकडे. पैसे कापणारी सेवा बंद करायला १५५२२३, सगळ्या कंपन्यांना हाच क्रमांक. जाहिरातींचे कॉल आणि एसएमएस नकोत यासाठी १९०९. पाच मिनिटांचं काम.

शनिवार, १९ जुलै

साड्या. याचा कंटाळा आला, कारण इथे शोधायचं काही नाही, नुसती बटणं बंद करत फिरायचं. लॉकस्क्रीनवर चित्रं आणि बातम्या दाखवणारी सेवा, कंपनीचा स्वतःचा ब्राउझर, कंपनीचं स्वतःचं ॲप दुकान, थीम्स, फाइल मॅनेजर, एवढंच काय कॅल्क्युलेटरशेजारचं 'सुचवलेली ॲप्स'चं फोल्डर. प्रत्येकाच्या सेटिंग्जमध्ये 'रेकमेंडेशन्स' नावाचं एक बटण. एका ठिकाणी परवानगी काढून घ्यायला दाबलं की फोन दहा सेकंद मोजत बसतो, मग "जमलं नाही" म्हणतो. चिकाटीने दाबत राहिलं की जमतं. कंपनीला ते कठीण ठेवायचंच आहे, एवढं उघड आहे.

यानंतर शेवटचा थर म्हणून प्रायव्हेट डीएनएस. ॲप नाही, फोनमधलीच सोय आहे, अँड्रॉइड ९पासून. सेटिंग्जमध्ये कनेक्शनच्या भागात 'प्रायव्हेट डीएनएस', तिथे होस्टनेममध्ये डीएनएस डॉट ॲडगार्ड-डीएनएस डॉट कॉम (अर्थात इंग्रजी अक्षरांत, मधे जागा न सोडता). फोन जेव्हा जाहिरातीच्या सर्व्हरचा पत्ता विचारतो तेव्हा त्याला पत्ताच मिळत नाही. पंचांग आणि अभंगांच्या ॲपमधल्या पट्ट्या गेल्या. यूट्यूबच्या जाहिराती जात नाहीत, त्या व्हिडिओ जिथून येतो तिथूनच येतात. हे लावायचं म्हणजे फोन कुठल्या कुठल्या साइटला जातो ते त्या सेवेला दिसणार, हे पटत असेल तरच लावा. मावशीला विचारलं. "मी जाते कुठे? गाणी आणि पालकाचे भाव."

यूपीआयची दोन्ही ॲप्स, बँक, व्हॉट्सॲप, गॅस बुकिंग तिथल्या तिथे चालवून बघितलं. सगळं ठीक.

क्लीनरवाल्याकडून मेलला उत्तर नाही. १,१९२ रुपये गेले ते गेले. पुढचं कापणं मात्र थांबलंय.

शुक्रवार, २५ जुलै

श्रावण सुरू. दुपारीच मावशीचा फोन. "नेट गेलंय."

नेट गेलं नव्हतं. शेगडीचा बर्नर बिघडला म्हणून तिने गुगलवर दुरुस्तीवाला शोधला आणि सगळ्यात वरचा दाबला. वरचे दोन-तीन निकाल पैसे देऊन लावलेले असतात, त्यावर बारीक अक्षरात 'स्पॉन्सर्ड' लिहिलेलं असतं, आणि ते जाहिरातीच्या सर्व्हरवरून जातात. डीएनएसने वाट अडवली, पान कोरं. खाली सरकून साधे निकाल दाबले की उघडतात. फोनवरून समजावलं, दुरुस्तीवाला मिळाला. काही दुकानांच्या एसएमएसमधल्या लिंकाही अशाच उघडत नाहीत.

दुसरी अडचण माझ्या फोनवर कळली. मीही तेच डीएनएस लावलं होतं. ऐरोलीत ऑफिसच्या वायफायवर "इंटरनेट नाही". प्रायव्हेट डीएनएस ८५३ क्रमांकाच्या पोर्टवरून जातं आणि काही ठिकाणी ते पोर्ट बंद असतं. तिथे तेवढ्यापुरतं 'ऑटोमॅटिक' करायचं. मावशी फक्त मोबाइल डेटावर असते, तिला हा त्रास नाही.

आणि फोनने रात्री स्वतःला अपडेट करून घेतलं. साड्या परत. लॉकस्क्रीनवालं बटण आपोआप चालू झालेलं, बाकीची होती तशीच. दर अपडेटनंतर लॉकस्क्रीन, कंपनीचा ब्राउझर आणि 'डिस्प्ले ओव्हर'ची यादी बघायची, एवढं मावशीच्या कॅलेंडरवर लिहून ठेवलंय. महिन्याच्या पानावर, दुधाच्या हिशोबाशेजारी.

रविवार, ३ ऑगस्ट

मावशीचा फोन शांत आहे. आता पोळ्या लाटायला येणाऱ्या ताईंचा फोन पुढे आला. "माझ्यात पण बघा ना."

तो वेगळाच निघाला. अँड्रॉइड ८.१, म्हणजे प्रायव्हेट डीएनएस नाही. त्यांच्या जाहिराती जवळजवळ सगळ्या क्रोममध्ये. मुलगा त्यावर क्रिकेटचे सामने फुकटात बघतो, तिथे एका बोटाला तीन पानं उघडतात. सूचनांची यादी साफ केली. अँड्रॉइडच्या क्रोममध्ये एक्स्टेन्शन (ब्राउझरला जोडायचं छोटं जादा साधन) बसत नाही, फायरफॉक्समध्ये बसतं, म्हणून इथे 'टाकायचं काही नाही' हा माझा नियम मोडून फायरफॉक्स आणि त्यात जाहिराती अडवणारं यूब्लॉक ओरिजिन. फायरफॉक्सला जागाच नव्हती. व्हॉट्सॲपमधले शुभ सकाळचे व्हिडिओ काढले, मग बसला. क्रोमचं चिन्ह होम स्क्रीनवरून हलवून तिथे फायरफॉक्सचं ठेवलं, नाहीतर सवयीने बोट तिकडेच जातं.

'डिस्प्ले ओव्हर'च्या यादीत एक टॉर्चचं ॲप. टॉर्च फोनमध्येच आहे, वरून पट्टी ओढली की मिळते. ते दाखवलं आणि ॲप काढलं.

ताईंना या फोनवर यूपीआय सुरू करायचं होतं, पगार मावशी त्यातच टाकेल म्हणून. सिक्युरिटी पॅचची, म्हणजे फोनच्या सुरक्षेच्या शेवटच्या दुरुस्तीची, तारीख बघितली, २०१९. नको म्हटलं. पगार तूर्त रोखच, आणि दिवाळीला फोन बदलायचा विचार आहे, तेव्हा मावशीने अर्धे पैसे घालायचं कबूल केलंय.